वन्संच्या तपेल्यातली चटणी

जयपुरात मला कुणी नावानं ओळखत नसे. राजा पार्कच्या बाजारात गेले की माझी चटणी विकणारे लालाजी दुकानातून ओरडत, "आओ जी, चटनीवाली मराठन आ गई!" ह्यांच्या कचेरीतल्या लोकांना ते ऐकून बरं वाटत नसे. केंद्र सरकारच्या नोकरीतल्या माणसाची बायको चटण्या विकते म्हणजे काय! मला मात्र त्या हाकेचा अभिमान होता आणि अजून आहे. साठ सालच्या आगेमागे आठ-नऊ उन्हाळे मी घरात बसून ती चटणी केली, आणि तिच्यावर दोन मुलांची शिक्षणं पुढे सरकली. तेव्हा कुणाला काय वाटायचं ते वाटो.

आता चटणी म्हटल्यावर तुमच्या डोळ्यांसमोर खोबरं-लसूण येईल. ही ती नव्हे. आपला मेथांबा घ्या, त्याला गुळांब्याचा गोडवा द्या, त्यात मनुका, खारीक, आल्याचे काप आणि मारवाडातली लालभडक मिरची घाला, आणि मधाइतकं दाट होईपर्यंत आटवा. फळ कैरीचं, कैरी संपली की करवंदांचं. शेजारच्या राजस्थानी बायका असलंच काहीतरी करत आणि त्याला लौंजी म्हणत, पण ती चार दिवसांत संपवायची. माझी चटणी वर्षभर टिके. मिलिटरीतल्या लोकांना साहेबाच्या वेळेपासून जेवणात गोड-तिखट चटणी लागायची सवय. खातीपुऱ्याच्या बाजूला त्यांची वस्ती होती, तिथल्या मेसला एकदा कुणीतरी माझी बरणी नेऊन दिली आणि तिथून माझा धंदा सुरू झाला.

ह्या कामात लोकांना वाटतं की मसाला महत्त्वाचा. मसाला कुणीही घालेल हो. खरं काम दोनच गोष्टींचं. एक पाणी. कैरीतलं, बरणीतलं, चमच्यावरचं, हातावरचं पाणी जिथे राहिलं तिथे बुरशी आलीच. दुसरं भांडं. कैरी आंबट, आणि आंबट पदार्थ पितळेत शिजवायचा तर आतून कल्हई हवी. हल्लीच्या मुलींना स्टीलशिवाय काही माहीत नाही म्हणून सांगते. कल्हई म्हणजे कथलाचा पातळ थर. कल्हईवाला भांडं निखाऱ्यावर लालबुंद तापवतो, नवसागर टाकतो, कथील फिरवतो आणि कापसाच्या बोळ्यानं पुसतो, की पिवळं भांडं आतून चांदीसारखं पांढरं होतं. तो थर गेला की आंबट पदार्थ पितळेला चावतो आणि कळकतो. हिरवट, जीभ ओढून धरणारी ती चव एकदा घेतली की माणूस जन्मात विसरत नाही. थोडं पोटात गेलं तर मळमळतं. जास्त गेलं तर काय होतं, तेच सांगायला बसले आहे.

माझं स्वतःचं मोठं पातेलं मी दर मोसमाच्या आधी मुनीरमियाँकडून कल्हई करून घेत असे. ते आमच्या बनी पार्कच्या गल्लीत भाता घेऊन बसत. वन्संना ते पसंत नव्हतं.

वन्सं म्हणजे ह्यांची थोरली बहीण. सगळे त्यांना अक्का म्हणत, माझी मुलं आत्या म्हणत, मी वन्सं. नवव्या वर्षी लग्न आणि अकराव्या वर्षी कपाळ पांढरं. माहेरी मिरजेजवळच्या खेड्यात आईपाशी, म्हणजे माझ्या सासूबाईंपाशी, त्यांचा जन्म गेला, आणि सासूबाई गेल्यावर ह्यांनी त्यांना जयपुरात आणलं. येताना त्यांच्यासोबत एक वळकटी, देवांची पेटी आणि सोवळ्यातलं एक पितळी तपेलं होतं. ते तपेलं त्या कुणाला शिवू देत नसत. माझ्या पातेल्याला मुनीरमियाँचा हात लागतो म्हणून त्यांनी पहिले दोन महिने माझ्या हातची आमटीसुद्धा घेतली नाही. बोलायला फटकळ, मी सवाई. घरात आमची जुंपली की हे चप्पल घालून फिरायला निघून जात.

पण बाई हाताची होती! रांधताना कधी चाखायच्या नाहीत, देवाला दाखवायच्या आधी जिभेवर ठेवणं म्हणजे पापच. वासावर मीठ ओळखत. ताटलीत थेंब टाकून पाक झाला की नाही ते सांगत. हळूहळू त्या चटणीत शिरल्या. आधी नुसत्या दाराशी उभ्या राहून "जाळ मोठा आहे", मग "सर तिकडे". दुसऱ्या उन्हाळ्यात त्या चुलीपाशी आणि मी बरण्यांपाशी अशी वाटणी झाली. लालाजींनी एकदा विचारलं, "इस बार किसने बनाई? हाथ बदला है." मी घरी येऊन ते सांगितल्यावर वन्सं "मेल्याला काय कळतंय" म्हणाल्या, पण त्या दिवशी त्यांनी मला आपणहून चहा करून दिला. पन्नाशीपर्यंत त्या बाईला कुणी शाबासकी दिली नसावी.

आणि मग शैला आली. कोल्हापूरकडची पोर, नवरा मिलिटरीत कॅप्टन. तो तुकडीबरोबर सरहद्दीकडे गेलेला आणि ही खातीपुऱ्याच्या क्वार्टरमध्ये एका ऑर्डर्लीच्या भरवशावर. सहावा महिना. आधीचं एक मूल पोटातच गेलेलं, त्यामुळे ती जिना उतरतानाही श्वास रोखून उतरायची. माहेरून कुणी येऊ शकत नव्हतं. तिथल्या अधिकाऱ्यांच्या मिसेस लोकांच्या कुठल्याशा कार्यक्रमात तिला माझी मराठी ऐकू आली, तशी ती पळत येऊन माझ्या गळ्यातच पडली. तिला अन्न जात नसे. भाकरी आणि आमची चटणी, एवढंच काय ते पोटात ठरायचं. दर आठवड्याला तिचा ऑर्डर्ली सायकलवरून बरणी न्यायला यायचा. वन्सं तिची बरणी वेगळी काढून ठेवायच्या, मिरची कमी आणि मनुका जास्त घातलेली. "पोरीचं हे तरी नीट होऊ दे रे देवा," असं देवासमोर म्हणताना मी त्यांना दोनदा ऐकलं होतं.

तर त्या ज्येष्ठात मेसची मोठी मागणी आली होती. कुणी वरिष्ठ अधिकारी येणार, मोठी मेजवानी होती. सकाळी मंडईतून कैऱ्यांची टोपली आली. मी मागच्या अंगणात माझं पातेलं घासायला घेतलं आणि ऐन वेळी बाहेरची झाले.

तेव्हा आमच्या घरात ते कडक पाळत. निदान वन्संपुढे तरी. तीन दिवस मागच्या पडवीत सतरंजीवर बसायचं, कशाला शिवायचं नाही, चौथ्या दिवशी न्हाऊन मग घरात. एरवी मला ती हक्काची सुट्टी वाटायची. ह्या वेळी मात्र डोक्याला हात लावायची पाळी आली. जयपूरच्या त्या उन्हात कैऱ्या थांबणार नव्हत्या, दोन दिवसांत पिवळ्या पडल्या असत्या.

"मी करते," वन्सं दारातून म्हणाल्या. "तू बस तिथे गप्प."

"पातेलं घासून झालंय बघा," मी म्हटलं.

"ते आता माझ्या काय कामाचं? तू हात लावून बसलीस." अख्ख्या कैऱ्यांना विटाळ नव्हता, माझ्या पातेल्याला होता. "माझं तपेलं आहे की."

त्या पहिल्यांदाच अख्खा घाणा एकट्या करणार होत्या. मी पडवीत बसून उंटावरून शेळ्या हाकत होते, "गूळ बारीक चिरलाय ना? आलं मागून घाला!" आणि आतून उत्तर येत होतं, "मला शिकवू नकोस!" पण आवाजात केवढी खुशी होती! घरभर वास सुटला. चटणी रात्रभर भांड्यातच निवू द्यायची आणि सकाळी भरायची ही आमची नेहमीची रीत, तशी त्यांनी केली. दुसऱ्या दिवशी बरण्या भरल्या, तोंडांना फडकी बांधली, देवाला नैवेद्य दाखवला, आणि ती नैवेद्याची वाटी माझ्यासाठी झाकून ठेवली. न्हाऊन आल्यावर प्रसाद घेईल म्हणून.

चौथ्या दिवशी सकाळी मी न्हाऊन, केसांना पंचा गुंडाळून स्वयंपाकघरात आले. वन्संनी वाटी पुढे केली. चेहरा असा, की शाळेत पहिला नंबर आलेल्या मुलीचा असावा. मी बोटभर चटणी तोंडात घातली.

आणि मोरीकडे धावत जाऊन थुंकले.

"नैवेद्य थुंकलीस?" वन्सं जागच्या हलल्या नाहीत. "देवाचा नैवेद्य थुंकलीस तू?"

"कळकलंय, वन्सं."

"काय कळकलंय?"

"चटणी कळकलीय. तुमच्या तपेल्याला कल्हई आहे का?"

"कल्हई!" त्या फडताळापाशी गेल्या आणि तपेलं माझ्यासमोर धरलं. "डोळे आहेत ना? चिंच आणि राखेनं रोज घासते मी. बघ, आतून बाहेरून कसं झळकतंय!"

झळकत होतं खरं, आतून बाहेरून सारखंच पिवळंधमक, सोन्यासारखं. गावाकडे कधीतरी त्याला कल्हई होती. जयपुरात आल्यापासून त्यांनी ते मुनीरमियाँच्या हातात दिलं नव्हतं, आणि चिंचेनं रोज घासून उरलासुरला कथीलही काढून टाकला होता. आतापर्यंत त्यात त्यांचा भात आणि दूध शिजलं, म्हणून काही कळलं नाही. त्यांच्या लेखी झळकणं म्हणजे स्वच्छ, आणि स्वच्छ म्हणजे पवित्र. त्यांचा काय दोष म्हणायचा?

"तुम्ही एकदा चाखून बघा," मी म्हटलं.

"आज एकादशी आहे. आणि तुझ्या जिभेची चव गेली असेल. तीन दिवस पडवीत बसलेली बाई! पहिल्यांदा मी एकटीनं केलं, ते तुला बघवलं नाही, असं म्हण ना सरळ."

मला उत्तर द्यायला सुचत होतं, भरपूर सुचत होतं. पण तेवढ्यात फळीवर बरण्यांची रांग दिसली आणि शैलाची लहान बरणी त्यात नव्हती.

"शैलाची बरणी कुठाय?"

"काल सकाळीच नेली तिच्या ऑर्डर्लीनं." हे बोलताना मात्र त्यांचा आवाज बदलला.

मी तशीच ओल्या केसांनी पायात चपला सरकवल्या. पाठीमागून वन्संचा आवाज आला, "थांब. मी येणार. माझ्या हातानं काय झालंय ते माझं मी बघणार." लुगड्यावर दुसरं काही न पांघरता ती बाई उन्हात माझ्या पुढे चालायला लागली.

नाक्यावर टांगा मिळाला. सकाळ असूनही गरम वाऱ्याची लू सुरू झाली होती आणि पश्चिमेला आभाळ पिवळं दिसत होतं, धुळीची आंधी येणार होती. मी टांगेवाल्याला दर वळणावर "जल्दी चलो भैया" म्हणत होते. शेवटी तो वैतागला, "बहनजी, घोड़ा है, मोटर नहीं है." वन्संच्या हातात जपाची माळ होती, पण मणी सरकत नव्हते. मला मनात धड रागवताही येत नव्हतं. शैलाला काही झालं असेल तर? ते आधीचं मूल, आणि आता हे. आणि पोटात हे जे काय गेलं ते आमच्या घरातून गेलं.

रेल्वेचं फाटक बंद होतं. मालगाडी येत होती, इतकी सावकाश, की मला वाटलं आपण उतरून डबे ढकलावेत. धूळ उडायला लागली. तोंडात वाळू कचकचत होती. वन्सं एकदम म्हणाल्या, "तुला नक्की वाटतंय ना? नक्की?"

"हो."

"तुझं खोटं ठरू दे," त्या म्हणाल्या. भांडणात म्हणतात तसं म्हणाल्या नाहीत, देवाजवळ मागतात तसं.

क्वार्टरच्या पायरीवर शैलाचा ऑर्डर्ली उभा होता. साताऱ्याकडचा, पिकल्या मिशांचा शांत गडी, पण आम्हाला पाहताच जवळजवळ ओरडला, "बरं झालं आलासा! बाईसाहेब पहाटंधरनं उलट्या करत्यात. डॉक्टरीणबाईस्नी निरोप धाडलाय, जीप येतीया म्हनं."

शैला पलंगावर कुशीवर पडली होती, गुडघे पोटाशी घेऊन. चेहरा पांढराफटक. खाली बादली. उशाशी स्टुलावर आमची बरणी, अर्ध्याहून जास्त संपलेली.

"आत्या, तुम्ही कशाला आलात उन्हाचं?" ती म्हणाली, आणि हसायचा प्रयत्न केला. "वहिनी, पोटात मुरडा येतोय हो. मधूनमधून. तसाच येतोय, मागच्या वेळी आला होता तसा."

"काय खाल्लंस काल?" मी विचारलं.

तिनं माझ्याकडे पाहिलं, मग वन्संकडे. पोर हुशार होती. "काही नाही, नेहमीचंच. भाकरी. चटणी तर इतकी छान झालीय ह्या वेळची, थोडी वेगळी लागली, पण छान. आत्यांनी एकटीनं केलीय असं कळलं, म्हणून जरा जास्तच खाल्ली."

मी वन्संकडे पाहिलं नाही. मला त्यांच्याकडे बघायचा धीर होत नव्हता.

वन्सं स्टुलापाशी गेल्या. बरणी उचलली. वास घेतला. बराच वेळ घेतला. वासावर मीठ ओळखणारं नाक ते. पण मसाल्यानं, गुळानं झाकलेलं त्याला कळेना. बरणीत शैलाचा खरकटा चमचा तसाच होता. मटण शिजणारं ते घर, दुसऱ्याच्या उष्ट्याची ती बरणी, आणि वर एकादशी. जन्मभर जी बाई दुसऱ्याच्या घरचं पाणी पीत नव्हती, तिनं त्या बरणीत बोट घातलं आणि तोंडात धरलं.

त्यांनी डोळे मिटले. थुंकल्या नाहीत, गिळलं.

"कळकलंय," त्या म्हणाल्या.

तेवढ्यात बाहेर जीप थांबली. मिलिटरीच्या डॉक्टरीणबाई आत आल्या. उंच, करडी बाई, पंजाबी असावी. नाडी धरली, डोळे ओढून पाहिले आणि उभ्या उभ्या विचारलं, "खाया क्या था इसने?"

मी तोंड उघडलं. खरं सांगते, त्या एका क्षणात माझ्या डोक्यातून मेसची मागणी, लालाजींचं दुकान, ह्यांची कचेरी, सगळं सरकून गेलं. ह्या वस्तीत एक शब्द बाहेर पडला की माझी चटणी संपली. तरी मी सांगणारच होते, पण कसं सांगावं, कुठून सुरू करावं, हे मला जुळेना.

वन्सं पुढे झाल्या. त्यांना हिंदी फक्त भाजीवाल्यापुरतं यायचं. "मैंने खिलाया," त्या म्हणाल्या. "मैं बनाई. पितल का भांडा, कल्हई नहीं था. खट्टा रातभर उसमें रखा. इसका कुछ नहीं," माझ्याकडे बोट करून, "ये बाहर बैठी थी. मेरा है सब."

डॉक्टरीणबाईंनी त्यांच्याकडे नीट पाहिलं. ओरडतील असं मला वाटलं होतं. पण त्या एवढंच म्हणाल्या, "अच्छा हुआ बता दिया, माँजी. वरना मैं कुछ और ही समझ बैठती." मग त्यांनी अंड्यांचं पांढरं आणि दूध मागवलं, एक सुई दिली, आणि पिशवीतून लाकडी नळी काढली. तिचं एक टोक शैलाच्या पोटावर टेकवलं आणि दुसऱ्याला कान लावला.

बाहेर आंधी आली होती. खिडक्या आपटत होत्या, खोलीत अंधारून आलं होतं. ऑर्डर्ली दारात टोपी हातात घेऊन उभा. डॉक्टरीणबाईंनी नळी सरकवली, पुन्हा कान लावला. पुन्हा सरकवली. शैलाचे डोळे छताला लागलेले, हाताच्या मुठी वळलेल्या. मी मनात देवाला काय काय कबूल केलं ते आता आठवत नाही. वन्सं भिंतीला टेकून उभ्या होत्या आणि त्यांचे ओठ हलत नव्हते. जपसुद्धा करत नव्हत्या.

"है," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "बच्चा ठीक है. दौड़ रहा है."

शैला हुंदके देऊन रडायला लागली. मीही. वन्सं तिथेच जमिनीवर बसल्या.

धोका टळला नव्हता. मुरडे थांबेपर्यंत काही सांगता येणार नाही, कुणीतरी जवळ राहिलं पाहिजे, असं बजावून डॉक्टरीणबाई गेल्या. मी राहते म्हटलं, पण वन्संनी मला हातानं बाजूला केलं. "तुझी मुलं जेवायला घरी येतील. तू जा." त्या उठून शैलाच्या स्वयंपाकघरात गेल्या, जिथे अंडी फोडली होती, जिथे मटणाचं पातेलं पालथं पडलं होतं. तिथल्याच पातेल्यात त्यांनी तांदळाची पेज टाकली. सोवळं नाही, स्नान नाही. मी निघाले तेव्हा त्या पलंगावर बसून शैलाचं डोकं मांडीवर घेऊन चमच्यानं पेज पाजत होत्या आणि पुटपुटत होत्या, "गीळ गं बाय, एवढं गीळ."

त्या पाच दिवस तिथे राहिल्या. मुरडे दुसऱ्या दिवशी थांबले, पण त्या हलल्या नाहीत. डॉक्टरीणबाई पुन्हा येऊन नळी लावून गेल्या आणि "अब बिलकुल ठीक" म्हणाल्या, तेव्हा कुठे घरी आल्या.

मधल्या काळात मी मेसला जाऊन आमचा माल बिघडलाय, मिळणार नाही, असं तोंडावर सांगून आले होते. मेसचा हवालदार भला माणूस, पण मेजवानी तोंडावर आलेली. त्यानं दुसरीकडून चटणी आणली आणि पुढची दोन वर्षं आमच्याकडे फिरकला नाही. ते मला लागलं, लागायचंच. उमेदीच्या वयात हातचं मोठं काम गेलं की वर्षभर हळहळ राहते. पण त्या मालातला एक चमचाही मेसमध्ये कुणाच्या ताटात पडला नाही, ह्याचं समाधान त्याहून मोठं आहे.

बरण्या मी तशाच ठेवल्या होत्या. वन्संनी येऊन मागच्या अंगणात स्वतः खड्डा खणवला आणि एकेक बरणी स्वतःच्या हातानं पालथी केली. मी मदतीला गेले तर "तू नको" म्हणाल्या. मग तपेलं उचललं आणि गल्लीत गेल्या. मुनीरमियाँ भाता चालवत बसले होते. वन्संनी तपेलं खाली ठेवून दूर सरकायला हवं होतं, तशी पद्धत होती. त्यांनी ते थेट मियाँच्या हातात दिलं.

"आतून," त्या म्हणाल्या. "नीट. दोनदा फिरवा."

मुनीरमियाँनी तपेल्याच्या आत डोकावून पाहिलं. मान हलवली. त्यांना काय झालं ते माहीत नव्हतं, आणि त्यांनी विचारलंही नाही.

पुढच्या घाण्यालाही वन्संच चुलीपाशी बसल्या. चटणी आटत आली. मी नैवेद्याची वाटी पुढे केली. त्यांनी पळीतला थेंब आधी स्वतःच्या तळहातावर घेतला, फुंकला आणि चाटला. मी काही बोलायच्या आत माझ्याकडे डोळे वटारून म्हणाल्या, "बघतेस काय? देव कळकलंय म्हणून सांगायला येणार आहे का?" तेव्हापासून आमच्या घरात देवाला दुसरा नंबर होता. बाकी सोवळं-ओवळं त्यांनी सोडलं नाही हो. मला पडवीत बसवणं तर मुळीच सोडलं नाही.

शैलाला मुलगा झाला. बारशाला नवरा रजा घेऊन आला होता, वस्तीतल्या मराठी बायका जमल्या होत्या, सगळ्या सवाष्णी. वन्सं पाळण्याच्या खोलीत येईनात. स्वयंपाकघरात वाटायच्या सुंठवड्याच्या पुड्या बांधत बसल्या. असल्या शुभकार्यात पुढे यायचं नाही हे त्यांच्या अंगात अकराव्या वर्षापासून मुरलेलं.

शैलानं बाळाला गुंडाळलं आणि सरळ स्वयंपाकघरात आली. पाठोपाठ आम्ही सगळ्या.

"आत्या, चला. नाव आत्याच ठेवते ना?"

"अगं, तुझी नणंद..."

"ती आली नाहीय. आणि आली असती तरी."

"मी?" वन्सं पुड्या तशाच टाकून उभ्या राहिल्या. "पोरी, माझ्या कपाळाकडे बघ. आणि मी ह्याला पोटात असताना विष घातलंय गं. मी ह्याच्या कानाशी तोंड नेऊ?"

"त्या दिवशी तुम्ही बोलला नसता तर हा आज नसता," शैला म्हणाली. "डॉक्टरीणबाई म्हणाल्या मला. चला म्हणते ना!" आणि तिनं बाळ त्यांच्या हातात दिलं.

खोलीतल्या एकदोघी एकमेकींकडे बघत होत्या. मी त्यांच्याकडे असं बघितलं की त्या पाळण्याच्या दोरीकडे बघायला लागल्या.

वन्संनी बाळाला पाळण्यात ठेवलं, वाकल्या, आणि त्याच्या कानाशी तोंड नेलं. कुर्रर्र म्हणायलाच त्यांना किती वेळ लागला! आवाज फुटेना. मग फुटला, चिरका, कापरा, आणि त्यांनी नाव घेतलं.

आता नाव ठेवणाऱ्या आत्याच्या पाठीत सगळ्या बायकांनी धपाटे घालायचे, ही आपली रीत. पण सगळ्या हात आखडून उभ्या. विधवा बाई, वयानं मोठी, सोवळ्यातली; तिला शिवायचं की नाही हेच कुणाला ठरवता येईना. वन्सं तशाच वाकून, पाठ पुढे करून वाट बघत होत्या. त्यांच्या पाठीवर लहानपणानंतर कुणी थट्टेनं हात मारला असेल, असं मला वाटत नाही.

मी पुढे झाले, पदर खोचला, आणि असा धपाटा घातला की पाळणा हलला.

"अगं मेले, हळू!" वन्सं ओरडल्या, आणि वर बघून खो खो हसायला लागल्या. मग काय, शैला, तिच्या मागून सगळ्याच जणी.